जॉन लेव्हरी (१८५६–१९४१): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जॉन लेव्हरी कोण? थोडक्यात सांगा.

बेलफास्टमध्ये जन्मलेला, ग्लासगोत घडलेला आणि लंडनमध्ये नाव कमावलेला आयरिश चित्रकार. व्यक्तिचित्रं आणि निसर्गचित्रं दोन्हींवर सारखीच हुकमत. व्हिक्टोरिया राणीपासून आयरिश स्वातंत्र्यलढ्याचा नेता मायकेल कॉलिन्सपर्यंत माणसं त्याच्यासमोर बसली. मोरोक्कोतला समुद्रकिनारा, फ्रान्समधला नदीवरचा पूल, स्कॉटलंडमधलं गोल्फचं मैदान, हे सगळं त्याने जागेवर बसून रंगवलं. आणि आयर्लंडमध्ये जवळजवळ अर्धं शतक लोकांच्या खिशात जी नोट होती, तिच्यावरचा चेहराही त्याच्याच चित्रातून घेतलेला.

त्याच्याबद्दल दोन टोकाची मतं ऐकू येतात. एक, तो श्रीमंतांचा खुशमस्कऱ्या चित्रकार होता. दुसरं, तो आयर्लंडच्या स्वातंत्र्याचा चित्रकार होता. दोन्ही अपुरी आहेत. त्याची खरी ताकद जागेवर केलेल्या छोट्या तैलचित्रांत आहे. मोठी, गाजलेली चित्रं बहुतेक त्यांच्याच आधारावर उभी राहिली, आणि जिथे हा आधार कमी पडला तिथे ती लंगडी पडली. पुढची बरीचशी उत्तरं याच अंगाने दिली आहेत.

त्याला आयरिश म्हणायचं, स्कॉटिश की ब्रिटिश?

आयरिश. तो स्वतःला तसंच समजे. चित्रकार म्हणून मात्र तो ‘ग्लासगो बॉइज’ या गटात वाढला. जेम्स गथ्री, ई. ए. वॉल्टन, जोसेफ क्रॉहॉल, आर्थर मेलव्हिल ही त्यातली इतर मंडळी. त्यामुळे स्कॉटिश संग्रहालयं त्याच्यावर हक्क सांगतात आणि तो खोटाही नाही. १९१८ मध्ये ब्रिटिश सरकारने त्याला ‘सर’ केलं, १९३० मध्ये बेलफास्टने आणि १९३५ मध्ये डब्लिनने त्याला आपल्या शहराचं सन्माननीय नागरिकत्व दिलं. बेलफास्ट ब्रिटनकडे राहिलेलं, डब्लिन वेगळ्या झालेल्या आयर्लंडमध्ये; सीमेच्या दोन्ही बाजूंनी सत्कार होणं त्या काळात सोपं नव्हतं.

लहानपण कसं गेलं?

हलाखीत. वडील हेन्री लेव्हरी बेलफास्टमध्ये दारूचे व्यापारी; धंदा बसला म्हणून अमेरिकेत नशीब काढायला निघाले. त्यांचं ‘पोमोना’ नावाचं जहाज १८५९ च्या एप्रिलमध्ये वेक्सफर्डच्या किनाऱ्याजवळ बुडालं आणि त्यात ते गेले. थोड्याच काळात आईही गेली. पोरकं मूल आधी मोइराजवळ काकांच्या शेतावर, मग स्कॉटलंडमधल्या सॉल्टकोट्सला नातेवाइकांकडे वाढलं.

चित्रकला कुठे शिकला?

सुरुवात फोटोग्राफरच्या दुकानात. ग्लासगोत एका छायाचित्रकाराकडे तो उमेदवारी करत होता. काम म्हणजे फोटोंवर हात फिरवणं आणि त्यांत रंग भरणं. सोबत तिथल्याच हॅल्डेन अकॅडमीत वर्ग. या कामाचा फायदा पुढे दिसतो: चेहऱ्यातलं नेमकं काय राखलं की ओळख टिकते आणि काय सोडलं तरी चालतं, हे त्याला विशीतच कळलं होतं. तोटाही दिसतो. गिऱ्हाइकाला खूश ठेवायची सवय हाताला लागली ती कायमची.

१८७९ मध्ये त्याचा स्टुडिओ जळाला. विम्याचे ३०० पौंड आले आणि त्या पैशावर तो आधी लंडनच्या हेदरलीज शाळेत, मग १८८१ मध्ये पॅरिसच्या अकादमी ज्युलियनमध्ये दाखल झाला. शिक्षक बुगरो, म्हणजे गुळगुळीत, काचेसारखं रंगलेपन करणारा माणूस. लेव्हरीच्या मनावर खरा ठसा मात्र फ्रेंच चित्रकार बास्तियें-लपाजचा: शेतातली माणसं, राखाडी उजेड, उघड्यावर बसून केलेलं काम. चालत्या माणसाकडे एकदाच नीट बघा, आठवेल तेवढं उतरवा, पुन्हा वळून बघू नका, असा सल्ला बास्तियें-लपाजने दिल्याचं लेव्हरी सांगत असे. हा सराव त्याने पुढे वर्षानुवर्षं केला.

ग्रे-सुर-ल्वँ या गावाचं नाव इतक्यांदा का येतं?

पॅरिसच्या दक्षिणेला, फाँतेनब्लोच्या जंगलाजवळचं हे नदीकाठचं खेडं. १८८३ आणि १८८४ मध्ये लेव्हरी इथे राहून काम करत होता. अमेरिकन, स्कँडिनेव्हियन, ब्रिटिश चित्रकारांचा तिथे अड्डाच होता. कार्लो गावचा आयरिश चित्रकार फ्रँक ओ’मारा त्यांतलाच. गावाचा जुना दगडी पूल जवळपास प्रत्येकाने रंगवला. लेव्हरीच्या पुलांत पाहण्यासारखं आहे ते पाणी. दगडी कमानीचं प्रतिबिंब तो कमानीपेक्षा थोड्या गडद आणि आडव्या फटकाऱ्यांनी लावतो, त्यामुळे पाणी सपाट पडतं, उभं राहत नाही. निसर्गचित्र करणाऱ्या विद्यार्थ्याने एवढी एकच गोष्ट उचलली तरी पुष्कळ.

‘द टेनिस पार्टी’ एवढं महत्त्वाचं का मानतात?

१८८५ मध्ये ग्लासगोजवळ कॅथकार्टला केलेलं हे चित्र आज ॲबर्डीन आर्ट गॅलरीत आहे. मध्यमवर्गीय बागेतला टेनिसचा खेळ, कडेला बसलेली, उभी असलेली माणसं, चेंडूकडे झेपावणारी तरुणी. तोवर ग्लासगो बॉइजचा गट शेतकरी आणि गुराखी रंगवत होता. लेव्हरीने विषय शहराच्या उपनगरात आणला. चौकट उंचीच्या दुपटीहून जास्त रुंद आहे, त्यामुळे नजर चेंडूबरोबर आडवी धावते. गती दाखवायला त्याने हातपाय धूसर केले नाहीत, फक्त खेळणाऱ्यांचा तोल ढळलेला पकडला. एकदाच बघून उतरवण्याचा सराव इथे कामी आला.

राणीच्या भेटीच्या चित्रात २५३ चेहरे आहेत म्हणतात. ते कसं जमवलं?

१८८८ मध्ये ग्लासगोत आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरलं आणि २२ ऑगस्टला व्हिक्टोरिया राणी ते बघायला आली. त्या समारंभाचं मोठं चित्र करण्याचं काम लेव्हरीला मिळालं. वय ३२.

कामाचे टप्पे असे होते. आधी समारंभ चालू असतानाच जागेवर एक छोटं तैल-स्केच: कुठे उजेड, कुठे लाल गालिचा, कुठे गर्दीचा काळा पट्टा, एवढंच. मग प्रत्येक प्रमुख व्यक्तीची स्वतंत्र बैठक. त्यासाठी त्याला नगरसेवकांपासून सरदारांपर्यंत लोकांच्या दारी जावं लागलं. खुद्द राणीही त्याच्यासमोर बसली, तीही थोडाच वेळ. हे सगळे चेहरे मग अडीच मीटर उंच आणि चार मीटर रुंद कॅनव्हासवर चढवले. चित्र १८९० मध्ये पुरं झालं.

चुकतं कुठे, तेही बघण्यासारखं आहे. प्रत्येक चेहरा वेगळ्या दिवशी, वेगळ्या खोलीत, वेगळ्या उजेडात बघितलेला. २५३ जणांना ‘मी दिसलो पाहिजे’ अशी अपेक्षा. मग मागच्या रांगेतला माणूसही पुढच्याइतकाच ठळक होतो आणि खोली सपाट होते. लेव्हरीने शक्य तेवढं सावरलं, तरी मूळ छोट्या स्केचमधली हवा मोठ्या चित्रात नाही. व्यवसायाच्या दृष्टीने मात्र हे काम सोन्याचं ठरलं: दोन वर्षांत स्कॉटलंडमधल्या जवळपास सगळ्या वजनदार माणसांशी त्याची ओळख झाली आणि पुढची गिऱ्हाइकं त्यातूनच आली.

व्यक्तिचित्रांत पैसा होता, तर निसर्गचित्रं कशासाठी?

श्वास घ्यायला. १८९१ मध्ये तो पहिल्यांदा टँजिअरला गेला आणि पुढे जातच राहिला. नंतर शहराबाहेर टेकडीवर घरही घेतलं. हिवाळ्यात तिथे, एरवी लंडनच्या स्टुडिओत, असा क्रम बरीच वर्षं होता. टँजिअरमध्ये पांढऱ्या भिंती, फिका समुद्र, चांदणं हे त्याचे विषय. तिथली चित्रं आकाराने लहान, रंगाने हलकी आणि हाताने मोकळी आहेत.

आणि ती व्यक्तिचित्रांपासून तुटलेली नाहीत. लंडनमधला अमेरिकन चित्रकार व्हिसलर याचा त्याच्यावर मोठा प्रभाव होता. १८९८ मध्ये स्थापन झालेल्या इंटरनॅशनल सोसायटी या कलावंतांच्या संस्थेत व्हिसलर अध्यक्ष आणि लेव्हरी उपाध्यक्ष. व्हिसलरकडून आणि सतराव्या शतकातल्या स्पॅनिश चित्रकार वेलास्केसकडून त्याने घेतलं ते टोनचं गणित: आधी गडद-फिक्याचे तीन-चार मोठे तुकडे एकमेकांशी जुळवायचे, रंग नंतर. काळ्या झग्यातली बाई आणि चांदण्यातली खाडी, दोन्ही तो याच हिशेबाने मांडतो.

त्याच्यासारखं जागेवर छोटं तैलचित्र करून बघायचं असेल तर काय लागतं?

टोनल पद्धतीने काम करणाऱ्यांची सर्वसाधारण रीत खाली दिली आहे. लेव्हरीची छोटी चित्रं साधारण २५ × ३५ सेंटिमीटरच्या बोर्डवर असतात. तोच आकार घ्या.

बोर्डला प्रायमर लावून वाळू द्या. मग अंबर (मातकट तपकिरी रंग) आणि पांढऱ्याचा पातळ, मध्यम करडा हात द्या आणि तो पूर्ण वाळल्यावरच बाहेर पडा. कोऱ्या पांढऱ्या बोर्डवर प्रत्येक रंग गडद दिसतो आणि पहिल्या दहा मिनिटांतच अंदाज चुकतो. रंग सहाच: टिटॅनियम व्हाइट, आयव्हरी ब्लॅक, यलो ऑकर, लाइट रेड, कोबाल्ट ब्लू, व्हिरिडियन. पांढरा इतरांच्या तिप्पट काढा. ब्रश तीन, चपटे: साधारण ६, १२ आणि १८ मिलिमीटर. टर्पेंटाइनची छोटी डबी, चिंध्या भरपूर.

आधी डोळे बारीक करून दृश्याचे चार तुकडे ठरवा: आकाश, जमीन, उभे आकार, सर्वांत गडद जागा. मोठ्या ब्रशने हे चारही तुकडे टर्पेंटाइनने पातळ केलेल्या रंगात झटपट मांडा. बाह्यरेषा काढू नका. हे पहिल्या दहा मिनिटांत झालं पाहिजे. मग सर्वांत गडद आणि सर्वांत उजळ असा एकेक ठिपका ठेवा. बाकी सगळे टोन या दोघांच्या मधेच बसवायचे. उजळ भागात रंग जाड, सावलीत पातळ. माणसं सर्वांत शेवटी: डोकं, खांदे, पायाशी सावली, तीन फटकाऱ्यांत. पाऊण तासात थांबा, कारण तोवर सावल्या सरकलेल्या असतात.

बिघडतं ते बहुधा असं. बोर्डवर थेट ऊन पडलं तर तुम्ही नकळत गडद रंग लावता आणि घरी आणल्यावर चित्र काळवंडलेलं दिसतं. आपल्याकडच्या उन्हात ही चूक हमखास होते, म्हणून बोर्ड आणि पॅलेट दोन्ही सावलीत हवेत. एकाच जागी तिसऱ्यांदा ब्रश फिरवला की रंगाचा चिखल होतो. तिथला रंग चाकूने खरवडून काढा आणि एकदाच नव्याने लावा. आकाश निव्वळ पांढऱ्याने केलं तर उजळ भिंतीसाठी काही शिल्लक राहत नाही. आणि काळ्याने सावली केली की ती भोकासारखी दिसते. काळ्यात थोडा लाइट रेड किंवा कोबाल्ट घाला.

हेझल कोण? तिची इतकी चित्रं का?

हेझल मार्टिन ही शिकागोची, स्वतः चित्रं काढणारी. दोघांची भेट १९०३ मध्ये ब्रिटनी किनाऱ्यावर झाली. लेव्हरी तेव्हा विधुर होता: पहिली बायको कॅथलीन १८९१ मध्ये, मुलगी आयलीनच्या जन्मानंतर थोड्याच काळात क्षयाने गेली होती. हेझलचं लग्न मात्र एका अमेरिकन डॉक्टरशी झालं. तो पाच महिन्यांतच वारला, मागे मुलगी ॲलिस. १९०९ मध्ये लेव्हरी आणि हेझल यांचं लग्न झालं. त्याने तिची सुमारे ४०० चित्रं केली असं मानलं जातं. ती उत्तम मॉडेल होतीच, शिवाय ५, क्रॉमवेल प्लेस या लंडनच्या घरात तिने जी ऊठबस वाढवली, तिच्याशिवाय लेव्हरीच्या समोर अर्धी माणसं आलीच नसती.

डब्लिनमधलं ते भिंतभर चित्र कुठलं?

‘द आर्टिस्ट्स स्टुडिओ’, १९१० ते १९१३ दरम्यानचं, नॅशनल गॅलरी ऑफ आयर्लंडमध्ये. उंची जवळजवळ साडेतीन मीटर. हेझल, ॲलिस, आयलीन, मोरोक्कन दासी आणि मागच्या आरशात स्वतः चित्रकार. वेलास्केसच्या ‘लास मेनिनास’ला केलेला हा उघड मुजरा आहे. समोर उभं राहिलात तर आधी चेहऱ्यांकडे न बघता वरच्या रिकाम्या अंधाराकडे बघा. चित्राचा मोठा भाग म्हणजे नुसती हवा आहे आणि तीच सांभाळणं सर्वांत अवघड.

१९१३ चं ब्रिटिश राजघराण्याचं चित्र, लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीतलं, याच धर्तीचं. पण ते थिजलेलं वाटतं. स्टुडिओतली माणसं घरची होती, ही नव्हती.

चर्चिलला चित्रकला लेव्हरीने शिकवली हे खरं का?

अर्धं खरं. १९१५ मध्ये गॅलिपोलीच्या फसलेल्या लष्करी मोहिमेपायी नौदलमंत्रिपद गेल्यावर चर्चिल रंगांकडे वळला. कोऱ्या कॅनव्हाससमोर तो अडून बसला असताना हेझल आली, तिने मोठा ब्रश उचलून कॅनव्हासवर सपासप फटकारे मारले आणि त्याची भीती मोडली, असं खुद्द चर्चिलनेच लिहून ठेवलं आहे. पुढे तो लेव्हरीच्या स्टुडिओत काम करू लागला; तिथे त्याने लेव्हरीचंच व्यक्तिचित्र केलं आणि ते १९१९ मध्ये प्रदर्शनात लागलं. म्हणजे पहिला धडा बायकोचा, पुढचे नवऱ्याचे.

पहिल्या महायुद्धात त्याने काय रंगवलं?

१९१७ मध्ये त्याला सरकारी युद्धचित्रकार नेमलं. वय साठीच्या पुढे, तब्येत नाजूक आणि हवाई हल्ल्याच्या वेळी झालेला मोटारीचा अपघात, यामुळे पश्चिम आघाडीवर त्याला जाता आलं नाही. मग आरमाराचे तळ, दारूगोळ्याचे कारखाने, रुग्णालयं असे घरच्या आघाडीवरचे विषय त्याने घेतले. १९१८ मध्ये तो एअरशिपमध्ये, म्हणजे वायूने भरलेल्या हवाई नौकेत, बसून उत्तर समुद्रावर गेला आणि खालून जाणारा जहाजांचा ताफा रंगवला.

त्यातलं एक जवळून बघण्यासारखं. ‘डेलाइट रेड फ्रॉम माय स्टुडिओ विंडो’: ७ जुलै १९१७, सकाळी जर्मन विमानं लंडनवर आली. स्टुडिओची मोठी खिडकी, तिच्यासमोर गुडघे टेकून पाठमोरी हेझल. विमानं शोधावी लागतात. निळसर आकाशात माश्यांएवढे ठिपके. आग, धूर काही नाही. हे चित्र बेलफास्टच्या अल्स्टर म्युझियममध्ये आहे. दुसरं ‘द सेमेटरी, एताप्ल’, १९१९: वाळूच्या टेकडीवर लाकडी क्रूसांच्या रांगा, त्यांत काम करणाऱ्या बायका, पलीकडे आगगाडी. ते लंडनच्या इंपीरियल वॉर म्युझियममध्ये.

केसमेंटच्या खटल्याचं चित्र वादग्रस्त का?

सर रॉजर केसमेंट हा ब्रिटिश परराष्ट्र सेवेतला आयरिश अधिकारी. जर्मनीच्या मदतीने आयरिश उठावासाठी शस्त्रं आणण्याच्या प्रयत्नात पकडला गेला. राजद्रोहासाठी फाशीची शिक्षा झाली, त्यावरचं अपील १७ आणि १८ जुलै १९१६ ला चाललं. न्यायाधीशांपैकी डार्लिंग यांनी लेव्हरीला ते रंगवायला बोलावलं. अपिलात ज्युरी नसते, त्यामुळे ज्युरीची जागा रिकामी होती. लेव्हरी पत्नीसह तिथे बसला आणि छोट्या कॅनव्हासवर सुनावणी चालू असतानाच काम केलं. ३ ऑगस्टला केसमेंटला फाशी झाली.

मोठं चित्र, सुमारे दोन मीटर उंच आणि तीन मीटर रुंद, त्याने पुढे अनेक वर्षं स्वतःच्या स्टुडिओतच ठेवलं. आता ते बघा: न्यायाधीशांचे झगे, वकिलांचे टोप, कोर्टाचं घड्याळ, आणि या सगळ्याच्या मधोमध, दूर, कठड्यामागे केसमेंट. न्यायालयाचं चित्र करताना आरोपीला केंद्रात ठेवणं हा निर्णयच आहे. ज्युरीच्या जागेवरून बघितल्यामुळे प्रेक्षकही आपोआप निवाडा करणाऱ्याच्या खुर्चीत बसतो.

हे चित्र कुणालाच नको होतं. लेव्हरीच्या मृत्यूनंतर ते ब्रिटिश सरकारकडे गेलं, लंडनच्या न्यायालयाच्या इमारतीत आडबाजूला पडून राहिलं आणि १९५० च्या सुमारास डब्लिनच्या किंग्ज इन्स या वकिलांच्या संस्थेला उसनं दिलं गेलं. मालकी अजून ब्रिटिशांची.

१९२१ च्या तहात लेव्हरीचा काय संबंध?

ब्रिटन आणि आयरिश स्वातंत्र्यवादी यांच्यातल्या या तहाच्या वाटाघाटीत नाही, पण घरात होता. आयरिश शिष्टमंडळ लंडनला आलं तेव्हा क्रॉमवेल प्लेसचं घर दोन्ही बाजूंना चालणारी जागा ठरलं. मायकेल कॉलिन्स, आर्थर ग्रिफिथ आणि समोरचे ब्रिटिश मंत्री तिथे येत, आणि लेव्हरी त्यांची व्यक्तिचित्रं करत होता. याआधी १९१६ मध्ये त्याने ब्रिटनशी जोडून राहू पाहणारा कार्सन आणि आयर्लंडला स्वराज्य मागणारा रेडमंड या कट्टर विरोधकांना रंगवलं होतं, तेही दोघांची चित्रं शेजारी शेजारी लागावीत या इच्छेने.

२२ ऑगस्ट १९२२ ला कॉलिन्स या तहावरून पेटलेल्या यादवी युद्धात मारला गेला, वय ३१. लेव्हरी तेव्हा आयर्लंडमध्येच होता. रुग्णालयाच्या प्रार्थनागृहात ठेवलेल्या पार्थिवाजवळ बसून त्याने ‘लव्ह ऑफ आयर्लंड’ हे चित्र केलं. ते डब्लिनच्या ह्यू लेन गॅलरीचं आहे. गणवेश, तिरंगी ध्वज, मेणासारखा चेहरा. कुठेही घोटलेलं नाही, आणि म्हणूनच ते राणीच्या चित्रापेक्षा कितीतरी वरचं आहे.

नोटेवर त्याच्या बायकोचा चेहरा कसा आला?

१९२७ मध्ये आयरिश फ्री स्टेटच्या, म्हणजे तहातून उभ्या राहिलेल्या नव्या आयरिश राज्याच्या, चलन आयोगाने नव्या नोटांसाठी लेव्हरीकडे चित्र मागितलं. आयर्लंडला कॅथलीन नी हूलिहान या स्त्रीच्या रूपात बघण्याची तिथे जुनी परंपरा आहे, आपल्याकडच्या भारतमातेसारखी. लेव्हरीने त्या रूपात हेझललाच बसवलं: डोक्यावरून शाल, हार्प या तंतुवाद्यावर टेकलेला हात, मागे किलार्नीचं तळं. १० सप्टेंबर १९२८ ला नोटा बाजारात आल्या. देशाची प्रतिमा म्हणून शिकागोत जन्मलेली बाई, यावर तेव्हाही लोकांनी तोंडसुख घेतलं.

नोटा सात होत्या: १० शिलिंग नारिंगी, १ पौंड हिरवी, ५ तपकिरी, १० निळी, २० लाल, ५० जांभळी, १०० फिकट हिरवी. लहान तिन्ही नोटांवर चित्राचा थोडाच भाग, १० पौंडांपासून पुढे मोठं चित्र. मागे डब्लिनच्या कस्टम हाउसवरची नद्यांची शिल्पं. ५ पौंडांवर लॅगन, म्हणजे फ्री स्टेटच्या बाहेर राहिलेल्या बेलफास्टची नदी. १९७६ पासून नवी मालिका येऊ लागली, तरी हेझलचा चेहरा पाणखुणेत, म्हणजे वॉटरमार्कमध्ये, राहिला. २००२ मध्ये युरो आला तेव्हा तो गेला.

अशी नोट हाती लागली तर?

आधी छापलेलं नाव बघा. १९३० च्या दशकातल्या बहुतेक नोटांवर ‘आयरिश फ्री स्टेट’ असतं, नंतरच्यांवर फक्त ‘आयर्लंड’. १९४३ पासून सेंट्रल बँकेचं नाव येतं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या काही नोटांवर जादा अक्षर छापलेलं असतं. तो डाग समजून पुसू नका. घड्या, टाचणीची भोकं, कोपरे पाहा. नोट धुऊ नका, इस्त्री करू नका, चिकटपट्टी तर मुळीच लावू नका. दर तिथेच पडतो. पीव्हीसी नसलेल्या पाकिटात सपाट ठेवा.

आयर्लंडची सेंट्रल बँक जुने पौंड आजही बदलून देते, मुदत नाही. दर ठरलेला: ०.७८७५६४ आयरिश पौंडाला १ युरो, म्हणजे १ पौंडाचे सुमारे १.२७ युरो. चांगल्या स्थितीतली नोट संग्राहकाकडे त्याहून जास्त देऊन जाते, म्हणून बँकेत पाठवण्याआधी चौकशी करा.

भारताशी काही संबंध?

थेट नाही. एक आडवळणाचा धागा आहे. ज्या बेलफास्टच्या सेंट पॅट्रिक्स चर्चमध्ये लेव्हरीचा बाप्तिस्मा झाला, त्या चर्चला त्याने ‘द मॅडोना ऑफ द लेक्स’ हे तीन भागांचं चित्र दिलं. मेरी म्हणून पुन्हा हेझलच. त्याची चौकट एडविन ल्युटेन्सने आखली, तोच नवी दिल्लीचा वास्तुरचनाकार.

चित्रं कुठे बघायची?

डब्लिनमध्ये राहत असाल तर सुरुवात मेरियन स्क्वेअरच्या नॅशनल गॅलरीपासून, प्रवेश मोफत. बेलफास्टचं अल्स्टर म्युझियमही मोफत. १९२९ मध्ये लेव्हरीने स्वतः त्या संग्रहाला ३४ चित्रं दिली. ग्लासगोत केल्व्हिनग्रोव्ह, तिथे रशियन नर्तिका ॲना पाव्हलोव्हाचं चित्रही आहे. डब्लिनची ह्यू लेन आणि कॉर्कची क्रॉफर्ड या दोन्हींत अलीकडे नूतनीकरणाची मोठी कामं निघाली आहेत, तेव्हा निघण्याआधी संकेतस्थळ बघाच. बाकी ठिकाणीही विशिष्ट चित्र भिंतीवर आहे की गोदामात, हे आधी ईमेलने विचारलेलं बरं. लंडनमध्ये साउथ केन्सिंग्टन स्टेशनसमोर क्रॉमवेल प्लेसचं त्याचं घर आता प्रदर्शनांची जागा झालं आहे.

लिलावात ‘लेव्हरी’ दिसला तर खरा कसा ओळखायचा?

पुढून सही सहसा ‘जे. लेव्हरी’. पण पाठ जास्त बोलते: तो मागे नाव, विषय, वर्ष आणि पुष्कळदा ‘५, क्रॉमवेल प्लेस’ हा पत्ता ब्रशने लिहीत असे. पाठीला नवा कॅनव्हास चिकटवला असेल तर ही नोंद झाकली जाते, तेव्हा जुने फोटो मागा. लोकप्रिय चित्रांच्या छापील प्रतींवर वॉर्निश चढवून विकण्याचा प्रकार जुनाच आहे. भिंगाखाली छपाईचे ठिपके दिसले की विषय संपला. अव्वल चित्रांच्या किमती मोठ्या: ग्रेच्या पुलाचं एक चित्र १९९८ मध्ये लंडनला १३ लाख पौंडांच्या वर गेलं.

शेवटची वर्षं?

हेझल जानेवारी १९३५ मध्ये गेली. त्यानंतर ऐंशीच्या उंबरठ्यावर तो हॉलिवूडला गेला आणि शर्ली टेंपलसकट तिथल्या नटनट्या रंगवून आला. १९४० मध्ये आत्मचरित्र आलं. १० जानेवारी १९४१ ला किलकेनी परगण्यात ॲलिसच्या घरी वारला. दफन लंडनच्या पटनी व्हेलमध्ये, हेझलजवळ.

त्याची चित्रं पुस्तकात किंवा वेबसाइटवर छापता येतात का?

मूळ चित्रांवरचा हक्क संपला आहे. ब्रिटन आणि आयर्लंडमध्ये मृत्यूनंतर ७० वर्षं, म्हणजे २०११ अखेर; भारतात ६० वर्षं, म्हणजे २००१ अखेर. अडचण येते ती फोटोची. संग्रहालयाच्या संकेतस्थळावरून चित्र उतरवताना त्यांच्या अटी लागू होतात, आणि मोठ्या आकाराची फाइल बहुधा पैसे भरूनच मिळते. नॅशनल गॅलरी ऑफ आयर्लंडकडे आधी पत्र पाठवा; वापर कशासाठी, किती प्रती, कुठल्या आकारात, हे तिन्ही पहिल्याच पत्रात लिहिलं की फेऱ्या वाचतात.